शिआनची वही

३१ ऑक्टोबर १९८७, लीड्स

तिसरी स्लाइड उलटी लागली. शिआनचा चिनी नगारबुरूज छपरावर उभा. हॉलमध्ये हशा. डॉ. प्रोजेक्टरमागून म्हणाले, "तिकडे बुरूजसुद्धा शीर्षासन करतात." आणखी हशा. मी उठून ती सरळ केली. स्लाइड्स सगळ्या मीच लावल्या होत्या. ही चुकून उलटी लागली. पुढच्या वेळी मुद्दाम लावीन.

मंडळाची दिवाळी. चर्चचा हॉल, हीटर बंद, फराळाच्या ताटल्या मांडीवर. डॉ. कागद हातात घेऊन वाचत होते. (लग्नाला बावीस वर्षं झाली, इथेही त्यांना डॉ.च लिहिते.) "पहाटे एकटाच गल्लीत शिरलो. दुकानांच्या फळ्या अजून लागलेल्या. फक्त एका कढईखाली जाळ होता."

वाक्यं माझी. गल्ली माझी. मागच्या ऑक्टोबरात सहा दिवस जी निळी वही लिहिली, तिच्यातली. "नावांची स्पेलिंगं बघायला" म्हणून डॉ.नी महिन्यापूर्वी मागून घेतली होती.

मंडळाच्या चिटणीस शालिनीताईंनी निघताना स्मरणिका हातात दिली. पान सात ते अकरा. खाली डॉ.चं नाव, पुढे सगळ्या डिग्र्या. "सुधा, काय लिहितात गं डॉक्टर. लपवून ठेवलं होतंस."

मी चकली खाल्ली.

१ नोव्हेंबर

नाश्त्याला विचारलं.

"वही माझी होती."

"मग? मीच ना तुला नेलं तिकडे. कॉन्फरन्स कोणाची होती?"

"नाव माझं हवं होतं."

"नवराबायकोत कसलं आलंय माझं-तुझं." टोस्टला मार्मालेड लावत होते. कडेपर्यंत, नीट. ऑपरेशनचा हात आहे.

वही परत मागितली. हॉस्पिटलच्या ऑफिसात आहे म्हणाले. आणतो म्हणाले.

३ नोव्हें.

नोंद असावी म्हणून. शिआनमध्ये सहा दिवस डॉ. कॉन्फरन्स हॉलमध्ये किंवा हॉटेलच्या खोलीत होते. मातीचे सैनिक बघायला सगळ्यांबरोबर बसने गेले, बसने आले. जेवण म्हणजे लीड्सहून नेलेल्या दशम्या, मेतकूट, लिंबाचं लोणचं, शेवटचे दोन दिवस नुसता चिवडा. पाणी कसलं, तेल कसलं, कशाची चरबी. पडदा बाजूला केला तर खिडकीतून शहराचा तट दिसायचा. त्यांनी एकदाही पडदा बाजूला केला नाही.

डॉक्टरांच्या बायकांसाठी वेगळा कार्यक्रम होता. रेशमाचा कारखाना. पहिल्या दिवशी गेले. दुसऱ्या दिवशी बस सुटताना डोकं दुखतं म्हटलं आणि मागच्या दाराने बाहेर पडले.

एकेचाळिसाव्या वर्षी पहिल्यांदा एका शहरात एकटी. कोणाची कोणी नव्हते तिथे.

८ नोव्हें.

वही आली नाही. म्हणून आठवतं ते इथे पुन्हा लिहायचं. त्यांच्या लेखापेक्षा जास्त लिहायचं.

नगारबुरुजाच्या कमानीतून पलीकडे गेलं की मुसलमानांची वस्ती. पांढऱ्या टोप्या, कोळशाचा धूर, वाफ. एका हातगाडीवर बोटभर उंचीचे लाकडी साचे. त्यात तांदळाची पिठी, उकडीच्या मोदकाला घेतो तशीच, पण कोरडी. मिनिटभर वाफेवर. मग खालून काडी खुपसून वर ढकलायची, गुलाबाच्या पाकात एक बाजू, तिळात दुसरी. गाडीवाल्याने साचा उलटा आपटून दाखवला, रिकामा आहे बघ, जादूगारासारखा.

हे डॉ. खाऊ शकले असते. अंडं नाही, चरबी नाही. दोन कागदात बांधून घेतले आणि अर्धं शहर चालत हॉटेलवर नेले. त्यांनी वास घेतला. कागदासकट कचऱ्याच्या डब्यात टाकले. साबणाने हात धुतले.

स्मरणिका, पान नऊ: "तो तांदळाचा केक जिभेवर ठेवताच विरघळला."

हे वाक्य माझं नाही. हे त्यांनी स्वतः लिहिलं. पाचही पानांत त्यांचं स्वतःचं असं एकच. ते विरघळत नाही. चावावं लागतं.

१५ नोव्हें.

ब्रिस्टलहून केतकीचा फोन. युनिव्हर्सिटीत थंडी, लॅबमध्ये उशीर, मुगाच्या डाळीची रेसिपी. सांगू नये असं ठरवलं होतं, सांगितलं.

"आई, पण तो तुझा वही आहे."

"हो."

"मग बाबाला सगळ्यांसमोर सांग ना. पब्लिकली."

"असं करत नाहीत."

"कोण करत नाहीत?"

फोन ठेवल्यावर बराच वेळ तेच. कोण करत नाहीत.

२९ नोव्हें.

डॉ.ना पुण्याहून पत्र. शालिनीताईंनी स्मरणिका आपल्या भावाकडे पाठवली होती, त्याचे मित्र प्रकाशक. "आपल्या लेखणीत प्रवासवर्णनाची दुर्मिळ संयत शैली आहे. शिआनवर पूर्ण पुस्तक झाल्यास." हस्तलिखित मार्चच्या पहिल्या आठवड्यापर्यंत.

डॉ.नी पत्र मोठ्याने वाचलं. दोनदा. संयत शब्दावर थांबले.

मग म्हणाले, "तट आणि तो पॅगोडा, त्याच्यावर तुला अजून आठवत असेल. चारेक प्रकरणं लिहून दे. टाइप मी करून घेतो. प्रस्तावनेत तुझे आभार मानतो."

पुण्यात एम.ए.ला मराठीत पहिली आले होते. इथे पंधरा वर्षं कौन्सिलच्या लायब्ररीत इतरांच्या पुस्तकांवर शिक्के मारते. एक पुस्तक लिहायचं होतं. कोणतं ते माहीत नव्हतं. शिआनमध्ये कळलं.

"लिहिते," म्हटलं.

१२ डिसें.

प्रकरण लिहिलं नाही. इथे लिहिते.

दक्षिण दरवाज्यातून तटावर चढले. वर रस्ता एवढा रुंद की गाड्या जाव्यात. पुढे दुरुस्ती चालू, विटांच्या राशी, त्यावर बसून एक गवंडी केशरी फळ खात होता. टोमॅटोसारखं दिसणारं. मलाही दिलं. साल फाडली की आत नुसता पाक. खाली तशाच फळांच्या लगद्यात पीठ घालून पुऱ्या तळतात, आत साखर आणि फुलांचा वास. तीन खाल्ल्या. जीभ भाजली.

पॅगोडा गावाबाहेर, बसने. सात मजले. हिंदुस्थानातून पोथ्या घेऊन परतलेल्या भिक्षूसाठी बांधलेला. हा भिक्षू आपल्याकडेही येऊन गेला, शाळेच्या इतिहासात होता. आपल्या लोकांबद्दल त्याने लिहून ठेवलं, की उपकार विसरत नाहीत, अपमानाचा सूड घेतात, पण घेण्याआधी शत्रूला सांगून ठेवतात. सातव्या मजल्यावरच्या खिडकीत ते आठवलं होतं आणि वहीत लिहिलं होतं.

डॉ.नी दिवाळीला नेमकं तेच शेवटी वाचलं. "आपण मराठी माणसं, सांगून सूड घेणारी." टाळ्या पडल्या. मीही वाजवल्या.

१६ जाने. १९८८

मंडळाचा तिळगूळ. डॉ.नी पाहुणी आणली. डॉ. मा, वय पन्नासच्या आसपास, सर्जन, सहा महिने इथल्या हॉस्पिटलात शिकायला. शिआनच्या. आखूड केस, मोठं घड्याळ. डॉ. सगळ्यांशी ओळख करून देत होते, जणू स्लाइडच बाहेर आली.

शालिनीताई: "यांनी तुमच्या गावावर पुस्तक लिहिलंय."

डॉ. मांनी विचारलं, कुठे कुठे जेवलात. इंग्रजी थांबून थांबून.

डॉ. म्हणाले, "नगारबुरुजामागे. मटणाचा रस्सा आणि भाकरी. दोनदा."

"कुठल्या दुकानात?"

"ते... कोपऱ्यावरचं."

"कुठला कोपरा?"

डॉ.नी कोणालातरी लांबून हात केला आणि तिकडे गेले.

डॉ. मा त्यांच्या पाठीकडे बघत राहिल्या. मी तिळगूळ दिला. त्यांनी चावून बघितला, तीळ ओळखला. मी म्हटलं, गल्लीत शिरताना डावीकडे एक तुटकी पायरी आहे, तिच्याशेजारचं दुकान, मालकाला एक बोट नाही.

त्या मोठ्याने हसल्या. "माझा काका," म्हणाल्या.

३१ जाने.

रविवार. डॉ. मा घरी. डॉ. ऑन कॉल.

त्यांनी त्यांच्याकडची भाकरी शिकवली. गव्हाचं पीठ, थोडंसंच आंबवलेलं, बाकी घट्ट. तळहाताएवढी, जाड, तव्यावर. आतून कच्चट राहायला हवी म्हणाल्या, रश्शात पुढे शिजते. पहिल्या चार माझ्या फुगल्या. त्यांनी त्या बाजूला ठेवल्या.

मटण हेअरहिल्सच्या हलाल खाटकाकडून. त्यांना दुसरं चालत नाही. माझ्या डब्यातलं चक्रफूल, दालचिनी, मिरी. गोड्या मसाल्याचे आमचे डबे बघून प्रत्येक उघडून वास घेतला. या घरात मटण पहिल्यांदा शिजलं. खिडक्या उघड्या ठेवल्या. संध्याकाळी डॉ. आले, दारात थांबले, वर गेले.

१४ फेब्रु.

जे वहीत लिहिलं नव्हतं ते.

त्या दुकानात वाडगा आला, त्यात दोन कोरड्या भाकऱ्या. बस. मी वाट बघितली. मग खूण केली, रस्सा आणा. आपल्याकडे आधी आमटी, मग त्यात भाकरी कुस्करायची. कोरडी कोण कुस्करतं. मालकाने मान हलवली. पुन्हा खूण केली. आजूबाजूची माणसं जेवायची थांबली. समोरच्या म्हातारीने माझा वाडगा ओढला आणि दाखवलं. आधी सगळी भाकरी कोरडीच तोडायची, चिमटीने, तुरीच्या दाण्याएवढी. मग वाडगा आत जातो, त्यावर नंबर, कारण प्रत्येकाचा वाडगा वेगळा शिजतो आणि त्याच्याचकडे परत येतो. तुकडे बघून आचारी ठरवतो रस्सा किती. तुकडे बघून त्याला माणूस कळतो.

माझे तुकडे म्हातारीने दोनदा परत केले. तासभर गेला.

वहीत एवढंच लिहिलं: "भाकरी हाताने तोडायची, अगदी बारीक. तासभर गेला." रस्सा मागितला ते लिहिलं नाही. लाज वाटली.

म्हणून ते लेखात नाही. म्हणून ते डॉ.ना माहीत नाही.

हात सवयीने चालतो. त्यांचा तर नक्कीच. बावीस वर्षं बघते आहे, आमटी वाढल्याशिवाय पोळीला हात लावत नाहीत.

जेवणाचा दिवस ठरवला: शनिवार, ५ मार्च. दुपारी.

२१ फेब्रु.

डॉ.नी प्रकरणांची आठवण केली. झालीच म्हटलं. त्यांनी तेवढ्यात लेखाचे पाच भाग करून, मधे वाढवून टाइप करून घेतलंय. पहिलं पान टेबलावर होतं. शिआन, खाली त्यांचं नाव, मोठ्या अक्षरात.

आज चांगल्या मूडमध्ये. भांडी पुसताना गुणगुणत होते. मीही पालकाची भाजी मनापासून केली. बरं वाटत होतं. इतकं बरं बऱ्याच दिवसांत वाटलं नव्हतं.

२८ फेब्रु.

सांगायचं राहिलं होतं. सांगितल्याशिवाय करायचं नाही.

"शनिवारी दुपारी सात माणसं जेवायला आहेत. डॉ. मा येणार. त्यांच्या गावचं जेवण."

"मटण? घरात? लोकांपुढे?"

"लेखात तुम्ही दोनदा खाल्लंय."

पेपर खाली झाला.

"पहिला वाडगा तुमच्यापुढे ठेवणार आहे," मी म्हटलं. "डॉ. मांच्या समोर. तुम्ही तिथे कधी गेला नव्हतात, हे सगळ्यांना दिसणार आहे. आधी सांगून ठेवते."

पेपरची घडी घातली. मग हसले.

"भाकरी तोडायची ना? बारीक? वाचलंय मी. करून बघ."

४ मार्च

चोवीस भाकऱ्या. एकही फुगली नाही. शालिनीताईंसाठी मश्रूमचा वेगळा रस्सा. लसूण व्हिनेगर आणि साखरेत, आठवडाभर मुरलाय, तिथे बरोबर देतात तसा. वाडग्यांवर कागदाचे नंबर. डॉ.चा एक.

लायब्ररीतून लवकर आले. हात शांत.

५ मार्च, संध्याकाळ

घडलं तसं लिहिते.

एक वाजता सगळे बसले. शालिनीताई आणि त्यांचे यजमान, हॉस्पिटलमधली दोन जोडपी, डॉ. मा, डॉ. मी वाडगे मांडले. प्रत्येकात दोन भाकऱ्या, कोरड्या. स्वयंपाकघराच्या दारात उभी राहिले.

डॉ. मांनी मुकाट्याने तोडायला घेतली. बाकीचे त्यांच्याकडे बघत होते. डॉ. शालिनीताईंच्या यजमानांना काहीतरी सांगत होते, टेम्पल की टेनिस, आठवत नाही. बोलता बोलता वाडग्याकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं.

"अगं, रस्सा आण ना. कोरडं कशात कुस्करू?"

डॉ. मांना मराठी कळत नाही. पण रिकाम्या वाडग्यावर डावासारखा फिरवलेला हात कळला. त्यांच्या काकाने तो हात आयुष्यभर बघितला असणार.

"पहिल्यांदा?" त्यांनी विचारलं. अगदी प्रेमाने. "पहिल्यांदा सगळे असंच मागतात."

डॉ.ना समजलं. मला दिसलं समजलेलं. लगेच तोडायला लागले, भराभर. सुपारीएवढे तुकडे. चार-पाच मिनिटांत संपवलं.

शालिनीताई: "डॉक्टर, लेखात तर तासभर लागला होता. आज एक्सप्रेस?"

डॉ. हसले, डॉ. मांनाही कळावं म्हणून इंग्रजीत म्हणाले, "तिथे सुधानं तोडून दिली होती."

"बघा, किती लाड." सगळे हसले. मला वाटलं, सुटले. चार महिने, चोवीस भाकऱ्या, आणि एका वाक्यात सुटले. वर मी त्यांची लाडावणारी बायको.

डॉ. मा हसल्या नाहीत. "आमच्याकडे दुसऱ्यासाठी तोडत नाहीत," त्या हळूहळू म्हणाल्या. "लहान मूल असेल तर. किंवा आजारी."

"आजारीच होतो मी," डॉ. म्हणाले. "पोट."

मी इंग्रजीत म्हटलं, सगळ्यांना कळावं म्हणून, "आजारी नव्हते. हॉटेलात होते. सहाही दिवस."

कोणी तोडायचं थांबलं नाही. उलट सगळे एकदम लक्ष देऊन तोडायला लागले.

शालिनीताईच शेवटी. मराठीत, हळू. "मग त्या गल्लीत कोण गेलं होतं गं?"

"मी."

"आणि लिहिलं?"

"मीच."

त्यांनी वाडग्यात बघितलं. "बाई गं," एवढंच.

वाडगे गोळा केले. गॅसवर एकेक वाडगा वेगळा शिजवायला वेळ लागतो. बाहेर डॉ. मा कोणालातरी काकांच्या बोटाची गोष्ट सांगायला लागल्या.

डॉ.चा वाडगा, एक नंबर. माझ्या हातात होतं, मश्रूमचा रस्सा की मटणाचा. दारात जाऊन विचारलं, सगळ्यांसमोर.

"तुम्हाला कुठला?"

डॉ.नी मान वर केली नाही. "लिहिलाय तोच," म्हणाले.

तुकडे मोठे होते. आतपर्यंत शिजले नसणार. त्यांनी सगळं खाल्लं. एकेक तुकडा, मटणासकट, रस्सासुद्धा. लसणाच्या पाकळ्या बाजूला सारल्या नाहीत. कपाळाला घाम. माझ्याकडे बघितलं नाही. मी पूर्ण वेळ त्यांच्याकडे बघत होते. यासाठीच केलं होतं. त्यांना गिळताना बघायचं होतं.

बघितलं. राग गेला असं वाटलं नाही. उलट भूक लागली. माझा वाडगा मी शेवटी शिजवला आणि उभ्याने खाल्ला.

चार वाजता सगळे गेले. डॉ. मांनी निघताना माझा हात धरला, बोटं उलटीपालटी करून बघितली, चिमटीची त्वचा सोललेली. "बारीक तोडलीस," म्हणाल्या.

मी धूत होते, डॉ. पुसत होते. सात वाडगे झाले. आठव्याला थांबले.

"मी रस्सा मागणार हे तुला माहीत होतं."

"हो."

"कसं?"

"मीसुद्धा मागितला होता."

वाडगा पुसून झाला तरी पुसत राहिले.

"वहीत नाही ते."

"नाही."

वाडगा ठेवला. जॅकेट घातलं, गाडीची किल्ली घेतली. हॉस्पिटलला जाऊन येतो म्हणाले. आज ऑन कॉल नाहीत.

६ मार्च

सकाळी खाली आले तेव्हा डॉ. मागच्या बागेत होते, पाठमोरे. निळी वही टेबलावर होती, तिच्याखाली टाइप केलेली पानं. पहिल्या पानावरचं नाव एका रेघेत खोडलेलं. त्याच्या जागी काही लिहिलेलं नाही. शेजारी पेन, टोपण काढून ठेवलेलं. मी वही उचलून घेतली, लायब्ररीच्या पिशवीत टाकली. पानं तिथेच राहू दिली.